चाळीस लाखांचे गृहकर्ज शेवटी कितीला पडते?

पत्राने आलेला प्रश्न थोडक्यात असा आहे. बडोद्यात वासणा-भायली भागात बांधकाम चालू असलेल्या एका योजनेतील पन्नास लाखांचा फ्लॅट एका जोडप्याला घ्यावयाचा आहे. दोघेही नोकरी करतात आणि सध्या मांजलपूरला १४,००० रुपये भाडे भरून राहतात. ताबा दोन वर्षांनी मिळणार आहे. एका गृहवित्त कंपनीने ४० लाख रुपये, ८.५ टक्के बदलता दर, २० वर्षे मुदत आणि ३४,७१३ रुपये हप्ता असा प्रस्ताव दिला आहे. मेहुण्यांचे म्हणणे असे की मुदत तीस वर्षांची घ्यावी, म्हणजे हप्ता चार हजारांनी हलका होईल. बानाखत (विक्रीचा करार) करण्यापूर्वी या दोघांना जाणून घ्यावयाचे आहे की व्याज खरोखरच मुद्दलाइतके होते काय, आणि हे घर त्यांना शेवटी कितीला पडेल. मी बँकेच्या कर्ज विभागात तीस वर्षे काढली असून निवृत्तीनंतरही दांडिया बाजारातल्या माझ्या घरी असे कागद घेऊन येणाऱ्यांची ये-जा चालू असते. त्या अनुभवातून हे उत्तर देत आहे.

होय, व्याज मुद्दलाइतके होते, किंबहुना थोडे अधिकच होते. ३४,७१३ रुपयांचे २४० हप्ते म्हणजे सुमारे ८३ लाख ३१ हजार रुपये; त्यांतून चाळीस लाख मुद्दल वजा केले की ४३ लाख ३१ हजार रुपये व्याज उरते. मात्र हा एकच आकडा मनात धरून निर्णय घेऊ नये, कारण तो काही बाबतींत खऱ्या खर्चापेक्षा कमी आहे आणि एका बाबतीत खऱ्या खर्चापेक्षा जास्त आहे.

प्रथम व्याज इतके का होते ते पाहू. दर महिन्याला त्या दिवशी शिल्लक असलेल्या मुद्दलावर व्याज आकारले जाते, हप्त्यातून आधी ते वळते होते आणि जे उरेल तेवढेच मुद्दलात जाते. पहिल्या महिन्याचे व्याज २८,३३३ रुपये आहे. म्हणजे ३४,७१३ रुपये भरूनही कर्ज कमी होते ते ६,३८० रुपयांनी. पहिल्या वर्षात तुम्ही ४ लाख १६ हजारांहून अधिक भरता आणि मुद्दल फिटते जेमतेम ८० हजार. पाच वर्षांत २० लाख ८३ हजार रुपये भरून झालेले असतात, तरी ३५ लाख २५ हजार बाकी दिसते. निम्मी मुदत, म्हणजे दहा वर्षे, संपते तेव्हा कर्जाचा फक्त तीस टक्के भाग फिटलेला असतो आणि निम्मे कर्ज फिटायला तेरा वर्षे दहा महिने लागतात. यात कोणाची लबाडी नाही, हे साधे गणित आहे. पण हप्ता दर महिन्याला सारखाच असल्यामुळे त्याच्या आतली ही विभागणी कर्जदाराच्या नजरेला येत नाही. आमच्या बँकेत कर्मचाऱ्यांच्या गृहकर्जाला सरळ व्याज असे आणि आधी मुद्दल, मग व्याज अशी वसुली होत असे. हप्त्याचा क्रम बदलल्याने काय होते हे आम्हाला आमच्या स्वतःच्या पगारपत्रकावर दिसत होते, आणि काउंटरच्या पलीकडच्या माणसाला ती सोय नाही याची जाणीवही होती. घरोघरी नातवंडांच्या बाबतीत मुद्दलापेक्षा व्याज प्यारे म्हणतात. कर्ज देणाऱ्या संस्थेच्या बाबतीत ते शब्दशः खरे आहे.

आता मेहुण्यांच्या सल्ल्याकडे वळतो, कारण तुमच्या प्रश्नातील सर्वांत महाग गोष्ट तीच आहे. तीच रक्कम त्याच दराने तीस वर्षांसाठी घेतली तर हप्ता ३०,७५७ रुपये येतो, म्हणजे महिन्याला ३,९५६ रुपये वाचतात. पण एकूण व्याज होते ७० लाख ७२ हजार, म्हणजे २७ लाख ४१ हजारांनी अधिक. उलट पंधरा वर्षांसाठी घेतले तर हप्ता ३९,३९० रुपये होतो आणि व्याज ३० लाख ९० हजारांवर थांबते. याची तुलना दराशी करून पाहा. घासाघीस करून तुम्ही ८.५ चा दर ८.२५ वर आणलात तर वीस वर्षांत सुमारे दीड लाख वाचतात, आणि पूर्ण अर्धा टक्का कमी करून घेतलात तर तीन लाख. पाव टक्क्यासाठी चार संस्थांचे उंबरठे झिजवणारी माणसे मुदतीच्या रकान्यात वीसच्या जागी तीस लिहिताना पेन क्षणभरही थांबवत नाहीत, हे मी अनेकदा पाहिले आहे. त्यांना तो रकाना किरकोळ वाटतो, कारण त्यांनी मनाशी एकच प्रश्न विचारलेला असतो: महिन्याला किती? विचारावयाचा प्रश्न असा आहे की मुद्दल किती वर्षे आपल्या डोक्यावर राहणार.

आणि ही वर्षे तुम्ही ठरवता तितकीच राहतात असेही नाही. दर बदलता आहे. रिझर्व्ह बँकेचा रेपो दर, म्हणजे ती ज्या दराने बँकांना कर्ज देते तो दर, मे २०२० मध्ये ४ टक्क्यांवर आला, मे २०२२ पासून चढत फेब्रुवारी २०२३ मध्ये ६.५ टक्क्यांवर पोहोचला, आणि फेब्रुवारी २०२५ पासून उतरत डिसेंबर २०२५ मध्ये ५.२५ वर आला. सहा वर्षांत ही एवढी चढउतार. तुमचे कर्ज वीस वर्षांचे आहे. दर वाढला की बहुतेक संस्था आधी हप्ता तसाच ठेवून मुदत वाढवतात, कारण त्यामुळे ग्राहक कुरकुर करीत नाही. हे कुठपर्यंत जाऊ शकते ते एका उदाहरणाने सांगतो. समजा कोणी ६.७ टक्क्यांनी तीस लाख रुपये वीस वर्षांसाठी घेतले. हप्ता २२,७२२ रुपये. वर्षभराने दर अडीच टक्क्यांनी वाढून ९.२ झाला. त्या वेळी बाकी २९ लाख २६ हजार असते आणि तिच्यावरचे महिन्याचे व्याजच २२,४३३ रुपये होते. मुद्दलात तीनशे रुपयेही जात नाहीत, आणि हप्ता तोच ठेवला तर कर्ज फिटायला सत्तेचाळीस वर्षांहून अधिक काळ लागतो. प्रत्यक्षात दर एकदम न वाढता टप्प्याटप्प्याने वाढले आणि संस्थांनी अनेकांचे हप्तेही वाढवले, म्हणून इतकी टोकाची अवस्था सर्वांची झाली नाही. परंतु निवृत्तीच्या वयापलीकडे मुदत गेलेली कर्जे २०२२ नंतरच्या दोन वर्षांत मी पुष्कळ पाहिली.

माझ्या धाकट्या बहिणीने २००५ साली पंधरा वर्षांसाठी कर्ज घेतले होते. मधल्या काळात दर चढले, हप्ता मात्र रुपयानेही बदलला नाही, म्हणून घरात कोणी खाते उतारा उघडून पाहिला नाही. २०१२ साली दुसऱ्याच कामासाठी तो उतारा माझ्या हाती आला तेव्हा सात वर्षे हप्ते भरूनही चौदा वर्षे बाकी होती. भाऊ बँकेत असताना हे घडले, याची बोच मला अजून आहे.

आज नियम त्या मानाने पुष्कळ सुधारले आहेत आणि ते तुम्ही वापरले पाहिजेत. ऑगस्ट २०२३ च्या रिझर्व्ह बँकेच्या आदेशानुसार दर बदलल्यावर हप्ता वाढवावयाचा, मुदत वाढवावयाची की दोन्ही थोडे थोडे, हे निवडण्याचा पर्याय कर्जदाराला द्यावा लागतो. स्थिर दरावर जाण्याची संधी मात्र संस्थेच्या धोरणावर अवलंबून असते. मुदत वाढवताना मासिक व्याजही हप्त्यातून भागत नाही अशी स्थिती येऊ देता येत नाही. आणि दर तिमाहीला आतापर्यंत वसूल झालेले मुद्दल व व्याज, हप्त्याची रक्कम, उरलेले हप्ते आणि वार्षिक दर दाखवणारे विवरण द्यावे लागते. या विवरणातील ‘उरलेले हप्ते’ हा एक आकडा दर तीन महिन्यांनी कॅलेंडरवर लिहून ठेवावा. तो तीनपेक्षा कमी उतरला असेल तर काहीतरी बदलले आहे, आणि उतरण्याऐवजी वाढला असेल तर त्याच आठवड्यात शाखेत जावे.

तुमच्या प्रस्तावात आणखी एक बारकावा आहे. १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांना नवी बदलत्या दराची गृहकर्जे रेपोसारख्या बाहेरच्या दराशी जोडावी लागतात आणि किमान तीन महिन्यांतून एकदा दर नव्याने ठरवावा लागतो. गृहवित्त कंपन्यांना हा नियम लागू नाही. त्या स्वतःच ठरवलेल्या मूळ दरावरून आकारणी करतात. त्यामुळे रेपो वाढला की दोन्हीकडे दर वाढतो, पण रेपो उतरल्यावर कंपनीकडे तो तितक्याच लवकर आणि तितक्याच प्रमाणात उतरेल अशी हमी नसते. कंपनीला लेखी विचारा की मूळ दर गेल्या तीन वर्षांत कधी आणि कितीने बदलला. जुन्या ग्राहकांना नव्यांपेक्षा जास्त दर लावला जातो हेही विसरू नका. दहा वर्षे उरलेल्या अठ्ठावीस लाखांच्या बाकीवर अर्धा टक्का कमी करून घेतला तर सुमारे ८९ हजार रुपये वाचतात, आणि दर बदलून देण्याची फी बहुधा त्याच्या लहान अंशाइतकीच असते. पण कोणतीही संस्था हे आपण होऊन कळवीत नाही. अर्ज तुम्हालाच करावा लागतो.

वर म्हटले की ८३ लाखांचा आकडा एका बाबतीत खऱ्यापेक्षा जास्त आहे. ते आता स्पष्ट करतो, कारण केवळ भीती घालणारी अर्धी बाजू सांगणे मला योग्य वाटत नाही. विसाव्या वर्षी तुम्ही जे ३४,७१३ रुपये भराल ते आजच्या ३४,७१३ रुपयांइतके जड नसतील. रिझर्व्ह बँकेचे महागाईचे लक्ष्य ४ टक्के आहे; तेवढीच महागाई धरून सर्व हप्त्यांचे आजच्या रुपयांत मोल काढले तर ते सुमारे ५७ लाख २८ हजार येते. म्हणजे आजच्या मोलाने व्याजाचा खरा भार त्रेचाळीस लाख नसून सतरा लाखांच्या आसपास आहे. मात्र या हिशेबात एक अट दडलेली आहे, ती म्हणजे तुमचा पगार किमान महागाईइतका वाढत राहिला पाहिजे. सरकारी नोकरीत महागाई भत्त्यामुळे ते बरेचसे साधते. मकरपुऱ्याच्या कारखान्यात कंत्राटावर असलेल्या माणसाला मी हे समाधान देणार नाही.

आता कर्जाच्या बाहेरचा खर्च, जो आकडेमोडीत बहुतेक वेळा येतच नाही. पन्नास लाखांच्या घराला नियमाने ८० टक्क्यांपर्यंतच कर्ज मिळते, आणि मुद्रांक शुल्क व नोंदणीचा खर्च घराच्या किमतीत धरता येत नाही. गुजरातमध्ये मुद्रांक शुल्क ४.९ टक्के आहे, म्हणजे २ लाख ४५ हजार. नोंदणी फी १ टक्का, म्हणजे ५० हजार. आणि योजना परवडणाऱ्या घरांच्या व्याख्येत बसत नसल्याने बांधकाम चालू असलेल्या घरावर ५ टक्के जीएसटी, म्हणजे २ लाख ५० हजार. बीयू परवानगी (इमारत वापरण्याचा दाखला) मिळालेले तयार घर घेतले तर हा जीएसटी लागत नाही. दहा लाखांच्या स्वतःच्या वाट्यात हे ५ लाख ४५ हजार मिळवले की कर्जाखेरीज साडेपंधरा लाख रुपये हाताशी हवेत, आणि त्यांत सोसायटीची देखभाल ठेव, वीजजोडणी, वकिलाची फी, संस्थेची प्रोसेसिंग फी व तीवरचा १८ टक्के जीएसटी, पंखे, पडदे आणि स्वयंपाकघर अजून आलेले नाही. मुद्रांक शुल्क जंत्रीचा (सरकारने ठरवलेल्या मालमत्ता-दरांच्या तक्त्याचा) दर व प्रत्यक्ष किंमत यांपैकी जे अधिक असेल त्यावर लागते, आणि एप्रिल २०२३ मध्ये गुजरातमधील फ्लॅटची जंत्री १.८ पट झाली आहे, हे बानाखतापूर्वी ध्यानात घ्यावे. किंमत पन्नास लाख किंवा त्याहून अधिक असल्यामुळे विक्रेत्याला द्यावयाच्या रकमेतून १ टक्का करकपात करून भरण्याची जबाबदारीही खरेदीदाराची आहे. तो तुमचा खर्च नाही, पण ती चुकली तर व्याज आणि विलंबशुल्क तुमच्या माथी येते.

या साडेपंधरा लाखांत कमी पडते तेव्हा माणसे वैयक्तिक कर्ज काढतात. माझ्या मते संपूर्ण व्यवहारातला हा सर्वांत वाईट पैसा आहे, कारण त्याचा दर जास्त असतो आणि पहिल्या तीन-चार वर्षांत, जेव्हा गृहकर्जाची आगाऊ परतफेड सर्वाधिक उपयोगी पडते, नेमक्या त्याच काळात तो तुमचे हात बांधून ठेवतो. तेवढे जमत नसेल तर खरेदी वर्षभर पुढे ढकलावी, किंवा त्याच भागातला दहा लाखांनी स्वस्त, जुना पण तयार फ्लॅट पाहावा.

ताबा दोन वर्षांनी असल्याने त्या काळाचाही हिशेब करावा लागेल. बांधकामाच्या टप्प्यांनुसार कर्जाची रक्कम बिल्डरकडे जात राहते आणि तुम्ही दिलेल्या रकमेवर फक्त व्याज भरता. समजा दोन वर्षे सरासरी वीस लाख रुपये दिलेले होते, तर ८.५ टक्क्यांनी ३ लाख ४० हजार रुपये व्याज भरून झाले आणि मुद्दल एक रुपयानेही उतरले नाही. याच दोन वर्षांत मांजलपूरचे भाडे ३ लाख ३६ हजार होते. वर जे २४० हप्ते मोजले ते यानंतर सुरू होतात. सहा महिने ताबा लांबला तर त्या वेळेपर्यंत जवळजवळ सगळी रक्कम गेलेली असते, म्हणून तो उशीर सुरुवातीच्या सहा महिन्यांपेक्षा पुष्कळ महाग पडतो. गुजरेराच्या (गुजरातच्या रेरा प्राधिकरणाच्या) संकेतस्थळावर योजनेची जाहीर केलेली पूर्णत्वाची तारीख दिसते. बिल्डरच्या कार्यालयात तोंडी सांगितलेल्या तारखेऐवजी तीच धरावी.

कर सवलतीने हा खर्च भरून निघतो असे जवळजवळ प्रत्येक जण मला सांगतो. नव्या करप्रणालीत, जी आता आपोआप लागू होते, स्वतः राहत असलेल्या घराच्या व्याजावर वजावट मिळत नाही आणि मुद्दलाच्या परतफेडीवरही नाही. जुन्या प्रणालीत व्याजाची वर्षाला दोन लाखांपर्यंत आणि मुद्दलाची दीड लाखाच्या एकत्रित मर्यादेत वजावट मिळते. तुमचे पहिल्या वर्षाचे व्याजच ३ लाख ३७ हजार आहे, म्हणजे एकाच्या नावावर ते दोन लाखांत मावत नाही. ताब्यापूर्वीचे व्याज पुढील पाच वर्षांत समान भागांत दाखवता येते हे खरे, पण तेही त्याच दोन लाखांच्या आत; जिथे चालू वर्षाचेच व्याज मर्यादा ओलांडते तिथे ही सवलत कागदावरच राहते. दोघेही मालक आणि दोघेही कर्जदार असतील तर मात्र मर्यादा दोन अधिक दोन अशी चार लाख होते आणि तुमच्या आकड्यांना ती जवळजवळ अचूक पुरते.

इथेच नाव कोणाचे घालावे हा प्रश्न येतो. गुजरातमध्ये खरेदीदार केवळ स्त्री असेल तर नोंदणी फी माफ आहे, म्हणजे तुमचे ५० हजार वाचतात, आणि बिल्डरचा माणूस तसे सुचवीलही. पण घर पत्नीच्या एकटीच्या नावे झाले की पती सहकर्जदार असूनही मालक नसल्यामुळे त्याला व्याजाची वजावट मिळत नाही. तुम्ही दोघे जुन्या करप्रणालीत असाल आणि पती २० टक्क्यांच्या टप्प्यात असेल तर ही वजावट गमावणे म्हणजे उपकर धरून वर्षाला ४१,६०० रुपयांपर्यंत गमावणे. दोन वर्षांतच ५० हजारांची बचत पुसली जाते. दोघेही नव्या प्रणालीत असाल तर हा तोटा उद्भवतच नाही आणि ५० हजार वाचवणे शहाणपणाचे. म्हणून आधी दोघांची करप्रणाली ठरवा आणि मग दस्तऐवजावरची नावे.

कर्जासोबत विमा घ्यावाच लागेल असे सांगितले जाईल. घरातील कमावत्याला आयुर्विमा हवा हे मला शंभर टक्के मान्य आहे, परंतु कर्जदात्याने दाखवलेला एकरकमी हप्त्याचा विमा घेण्याची कायदेशीर सक्ती नाही. असा सव्वा लाखाच्या आसपासचा हप्ता कर्जातच मिळवून टाकतात. १ लाख २० हजार रुपये वीस वर्षांच्या कर्जात मिळवले की ते अडीच लाखांना पडतात. दरवर्षी हप्ता भरावयाचा साधा मुदत विमा बाहेरून घ्यावा आणि तो पुरेशा रकमेचा असावा. घराच्या इमारतीचा विमा मात्र आपण होऊन घ्यावा. ऑगस्ट २०२४ मध्ये विश्वामित्रीचे पाणी शहराच्या मोठ्या भागात शिरले तेव्हा केवळ आगीचा विमा आहे की पुराचाही, हे अनेकांनी पहिल्यांदा पाहिले. ‘भारत गृह रक्षा’ या प्रमाणित पॉलिसीत पूर अंतर्भूत आहे.

हे सर्व आकडे एका कागदावर पाहण्याची सोय आता झाली आहे. १ ऑक्टोबर २०२४ पासून नव्या कर्जांना ‘की फॅक्ट स्टेटमेंट’ द्यावे लागते, त्यात सर्व शुल्के धरून काढलेला वार्षिक दर आणि हप्त्यांचे संपूर्ण वेळापत्रक असते, आणि त्यात नसलेले शुल्क तुमच्या स्पष्ट संमतीशिवाय पुढे लावता येत नाही. दोन संस्थांची तुलना जाहिरातीतल्या व्याजदरावर न करता याच दरावर करावी.

भाडे चौदा हजार आणि हप्ता पस्तीस हजार, अशी तुलना तुमच्या पत्रात आहे. ती बरोबर नाही, कारण हप्त्यातला मुद्दलाचा भाग ही तुमची बचत आहे. ताब्यानंतरच्या पहिल्या वर्षाचा खरा खर्च असा मांडावा: व्याज ३ लाख ३७ हजार, स्वतःच्या गुंतलेल्या साडेपंधरा लाखांवर साडेसहा टक्क्यांनी बुडालेले ठेवीचे व्याज सुमारे १ लाख, देखभाल, महानगरपालिकेचा वेरा (घरपट्टी) आणि विमा मिळून ४० हजार धरू. एकूण ४ लाख ७७ हजार. समोर भाडे १ लाख ६८ हजार. फरक सुमारे ३ लाख ९ हजारांचा, म्हणजे घराच्या किमतीच्या सहा टक्क्यांहून किंचित जास्त. घराची किंमत दरवर्षी एवढी वाढली तर तुम्ही आणि भाडेकरू बरोबरीत राहाल. पुढच्या वर्षांत व्याज उतरते आणि भाडे चढते, म्हणून हे पारडे हळूहळू मालकाकडे झुकते. पण पाच-सहा वर्षांत बदली होऊन बडोदे सोडण्याची शक्यता असेल तर मी भाड्यानेच राहण्याचा सल्ला देईन. त्या काळात मुद्दल फारसे फिटलेले नसते आणि मुद्रांक शुल्क व जीएसटी कोणी परत देत नाही.

येथेच राहावयाचे असेल तर वीस वर्षांचे कर्ज घ्यावे आणि त्याला आगाऊ परतफेडीची जोड द्यावी. मुदत तीस वर्षांची घेऊन जमेल तसे जादा भरू, हा विचार कागदावर निर्दोष आहे. मात्र तसे खरोखर भरणारे ग्राहक मला कारकिर्दीत बोटांवर मोजण्याइतके भेटले. पहिल्या वर्षाच्या अखेरीस एक लाख रुपये जादा भरले आणि हप्ता तोच ठेवला तर जवळजवळ चौदा हप्ते गळतात आणि व्याजाचे ३ लाख ७८ हजार वाचतात. तेच लाख रुपये पंधराव्या वर्षाच्या अखेरीस भरले तर बचत ५१ हजारांवर येते. दरवर्षी दिवाळीच्या बोनसमधून एक हप्ता जादा भरला तर कर्ज सोळा वर्षे आठ-नऊ महिन्यांत संपते आणि सुमारे सव्वाआठ लाख वाचतात. बदलत्या दराच्या वैयक्तिक गृहकर्जावर मुदतपूर्व परतफेडीचे शुल्क घेता येत नाही, आणि १ जानेवारी २०२६ पासून मंजूर होणाऱ्या कर्जांना अंशतः परतफेडीबाबतही हे स्पष्टपणे लागू आहे. जादा रक्कम भरताना ‘मुदत कमी करावी, हप्ता तोच ठेवावा’ असे अर्जात लिहावे आणि नवे वेळापत्रक हातात घेऊनच उठावे. मात्र सहा महिन्यांच्या हप्त्यांइतकी रक्कम ठेवीत असल्याखेरीज जादा भरणा सुरू करू नये. एकदा कर्जात भरलेला पैसा साध्या कर्जखात्यातून परत काढता येत नाही.

शेवटचा हप्ता भरल्यावरही एक काम राहते आणि त्याचाही खर्च मोजावा, कारण ते टाळणाऱ्यांना पुढे विक्रीच्या वेळी महिनोन्‌महिने अडकलेले मी पाहिले आहे. संपूर्ण परतफेडीनंतर तीस दिवसांत मूळ दस्तऐवज परत देणे आणि नोंदवलेला बोजा उठवणे संस्थेवर बंधनकारक आहे, आणि तिच्या चुकीने उशीर झाल्यास दिवसाला ५,००० रुपये भरपाई द्यावी लागते. कर्ज देतेवेळी कोणकोणते मूळ कागद जमा केले त्याची सही-शिक्क्याची यादी त्यासाठी आजच मागून घ्यावी आणि तिची एक प्रत घरात नव्हे, भावाकडे किंवा वडिलांकडे ठेवावी.